गादी राजाची, कारभार लोकांचा

निपाणीत बी.ए.ला राज्यशास्त्र शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारले आहे: ब्रिटन, जपान, भूतान इथे राजा आहे आणि निवडणुकाही होतात, मग सत्ता अर्धी राजाची आणि अर्धी लोकांची असते का? दोघांचे पटले नाही तर कोणाचे चालते? आपल्या भागातल्या संस्थानांत असे काही जमले असते का? आणि जाता जाता, राजा नकोसा झाला तर त्याला काढता येते का?

मी प्राध्यापक नव्हे. बेळगावच्या कोर्टात जमिनीचे दावे चालवत माझी वकिली गेली. पण या भागात जुन्या जमिनीचा दावा चालवायचा म्हटले की राजे-रजवाडे टाळता येत नाहीत. बेळगाव खालसा, म्हणजे थेट इंग्रजांचे. त्याला भिंतीला भिंत लावून असलेले शहापूर सांगलीकर पटवर्धनांचे. रायबाग कोल्हापूरचे, रामदुर्गला भावे, मुधोळला घोरपडे, जमखंडीला पटवर्धनांचीच दुसरी शाखा. एका पिशवीत तीन सरकारांचे कागद घेऊन पक्षकार यायचा. त्यामुळे तुमच्या प्रश्नाचे उत्तर मला वकिलाच्या अंगानेच देता येईल: कोणाच्या सहीला किंमत होती, पैसा कोणाच्या हातात होता, आणि शिपाई कोणाचे ऐकत होता.

पहिल्या प्रश्नाला सरळ उत्तर: अर्धे-अर्धे नसते. जिथे राजा आणि लोकशाही खरोखर सुखाने नांदतात, तिथे निर्णय शंभर टक्के लोकांनी निवडलेल्यांचा असतो आणि तो फक्त राजाच्या नावाने निघतो. आपल्या गावांतला प्रकार आठवा. जत्रेत पहिला मान अजून पाटलांच्या वाड्याचा. पण नळाला पाणी आले नाही तर कोणी वाड्यावर जात नाही, ग्रामपंचायतीत जाऊन भांडतो. तेव्हाच्या म्हैसूर, म्हणजे आजच्या कर्नाटक सरकारने 1961 च्या कायद्याने पाटील-कुलकर्ण्यांची वंशपरंपरागत पदे मोडीत काढली; मानपान मोडीत काढायला कायदा गेला नाही, आणि त्याने कोणाचे बिघडलेही नाही. स्वीडनने 1974 च्या राज्यघटनेत आपल्या राजाचे जवळजवळ हेच केले. तिथे पंतप्रधानाचे नाव राजा सुचवत नाही, संसदेचा सभापती सुचवतो. कायद्यावर राजाची सही लागत नाही. राजा संसदेचे उद्घाटन करतो, परदेशी पाहुण्यांचे स्वागत करतो, आणि लोकांना तो आवडतोही.

जपानचा सम्राट 1947 च्या घटनेप्रमाणे राष्ट्राचे प्रतीक आहे आणि राज्यकारभाराचे कोणतेही अधिकार त्याला नाहीत, असे घटनेतच लिहून ठेवले आहे. ही दोन टोके सोपी. गंमत येते ती मधल्या देशांत, जिथे कागदावर राजाचे अधिकार शिल्लक आहेत.

ब्रिटनमध्ये संसदेने केलेला प्रत्येक कायदा राजाच्या संमतीनेच अमलात येतो. कागदावर हा नकाराधिकार आहे. पण राजसिंहासनाकडून संमती नाकारली गेल्याची शेवटची वेळ 1708 ची, राणी ॲनच्या काळातली, स्कॉटलंडच्या नागरी फौजेच्या विधेयकाबद्दलची. आणि तीसुद्धा तिने आपल्या मंत्र्यांच्याच सल्ल्याने नाकारली होती. तीनशेहून अधिक वर्षे जो अधिकार कोणी वापरला नाही तो आहे की नाही, यावर इंग्रज वकील अजून चवीने वाद घालतात. मला विचाराल तर तो नाही. आमच्या धंद्यात तीस वर्षे वहिवाट नसलेल्या वाटेवरून जायला कोर्ट हक्क देत नाही, इथे तर शतके उलटली.

खरी परीक्षा कधी होते? राजाला मनापासून सही करायची नसते तेव्हा. बेल्जियममध्ये 1990 साली गर्भपाताला परवानगी देणारा कायदा संसदेने मंजूर केला. राजा बोद्वँ धर्मनिष्ठ कॅथलिक. त्याने पंतप्रधानांना कळवले की माझ्या सद्सद्विवेकबुद्धीला हे पटत नाही, मी सही करणार नाही. आता काय करायचे? राजाने हट्ट धरला तर लोकशाही मोडते, राजाला जबरदस्ती केली तर राजपद मोडते. त्यांनी घटनेतले एक कलम शोधून काढले: राजा राज्य करण्यास असमर्थ असेल तर मंत्रिमंडळ त्याचे अधिकार वापरेल. हे कलम आजारपण, वेड अशा प्रसंगांसाठी होते. मंत्र्यांनी राजाला ‘असमर्थ’ ठरवले, 4 एप्रिलच्या सुमारास कायद्यावर सह्या केल्या, आणि दुसऱ्या दिवशी संसदेने राजाला पुन्हा समर्थ ठरवले. कोणाला हा पोरखेळ वाटेल. मला मात्र ही वकिली डोक्याची उत्तम कामगिरी वाटते: राजाचे मन राखले आणि कायदाही अडला नाही. 2008 मध्ये लक्झेंबर्गच्या ग्रँड ड्यूकने इच्छामरणाच्या कायद्याला संमती द्यायला नकार दिला, तेव्हा त्या देशाने असली कसरत केलीच नाही. घटना दुरुस्त करून संमती देण्याचा अधिकारच काढून टाकला. आता ग्रँड ड्यूक कायदा फक्त जाहीर करतो.

म्हणजे तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर: पटले नाही तर लोकांचे चालते. राजाचे चालले तर त्या देशाला लोकशाही म्हणायचे कारण उरत नाही. जॉर्डन आणि मोरोक्कोमध्ये निवडणुका होतात, संसद आहे, पण महत्त्वाचे दोर राजाच्याच हातात. त्यांना या यादीत धरू नका.

आता पैशाकडे वळतो, कारण सह्यांपेक्षा मला जमाखर्च जास्त बोलका वाटतो. मराठी संस्थानांत ‘खासगी’ नावाचे वेगळे खाते असायचे: राजाचे स्वतःचे शेत, वाडे, दागिने, घोडे. पण खासगी कुठे संपते आणि दौलतीचा खजिना कुठे सुरू होतो, हे राजाच ठरवणार. 1948 च्या मार्चमध्ये दक्षिणेतली बहुतेक संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली, आणि कोल्हापूर 1949 च्या मार्चमध्ये. तेव्हा प्रत्येक राजाला आपल्या खासगी मालमत्तेची यादी द्यावी लागली. यादीत आहे ते त्याचे, नाही ते सरकारचे. या याद्यांवरून पुढे जे वाद झाले, त्यांच्या शेपट्या आम्हा वकिलांपर्यंत पोचल्या. वाडा खासगी, मग वाड्यासमोरचे मैदान? देऊळ राजाच्या पूर्वजाने बांधले, पण वर्षासन खजिन्यातून जायचे, मग देवस्थानची जमीन कोणाची? लोकशाही आली ती नेमकी या प्रश्नांतून आली असे मला वाटते. जोवर राजाचा खिसा आणि राज्याची तिजोरी एक, तोवर बाकी सगळी भाषणे.

इंग्रजांनी हे आधीच ओळखले होते. 1688 ला त्यांनी एक राजा घालवला, नवा आणला, आणि 1689 च्या हक्कांच्या कायद्यात दोन गोष्टी ठणकावून लिहिल्या: संसदेच्या परवानगीशिवाय कर बसवायचा नाही, आणि शांततेच्या काळात संसदेच्या परवानगीशिवाय फौज बाळगायची नाही. मतदानाचा हक्क तेव्हा मूठभर जमीनदारांनाच होता, म्हणून त्याला लोकशाही म्हणता येत नाही. पण लोकशाही पुढे ज्या जोत्यावर उभी राहिली ते जोते हेच. 1760 ला तिसऱ्या जॉर्जने राजघराण्याच्या मिळकतींचे उत्पन्न सरकारला दिले आणि बदल्यात संसदेकडून ठरावीक रक्कम घेतली. आज 2011 च्या कायद्याने ती रक्कम एका सूत्राने ठरते आणि तिचा हिशेब तपासला जातो. राजाला पगार आहे, असे म्हटले तरी चालेल.

तिसरी गोष्ट फौज. ही मला सगळ्यांत जड वाटते, आणि शेजारच्या नेपाळने ती आपल्या डोळ्यांदेखत दाखवली. 1990 च्या जनआंदोलनानंतर तिथे नवी घटना आली, संसद आली, पंतप्रधान आले. राजा वीरेंद्रने बहुतेक गोष्टी सोडल्या. पण सैन्य नावाने आणि मनाने राजाचेच राहिले. 1 जून 2001 ला राजवाड्यातच हत्याकांड झाले, वीरेंद्रचे कुटुंब संपले आणि भाऊ ज्ञानेंद्र गादीवर आला. 1 फेब्रुवारी 2005 ला त्याने सरकार बरखास्त करून सगळी सत्ता हातात घेतली. टेलिफोन बंद, पुढारी नजरकैदेत. हे त्याला जमले कारण सैनिक त्याचा हुकूम मानत होते. पण रस्त्यावरची माणसे मानेनात. एप्रिल 2006 मध्ये त्याला संसद परत बोलवावी लागली आणि 28 मे 2008 ला नेपाळ प्रजासत्ताक झाले. दोनशे चाळीस वर्षांची शाह घराण्याची गादी तीन-साडेतीन वर्षांत गेली. अधिकार परत घेऊ पाहणारा राजा गादीच घालवून बसतो.

याच्या अगदी उलट स्पेन. फ्रँकोच्या हुकूमशाहीनंतर हुआन कार्लोस राजा झाला, 1978 ला लोकशाही घटना आली. 23 फेब्रुवारी 1981 ला सिव्हिल गार्ड या निमलष्करी पोलीस दलाचे बंदूकधारी संसदेत घुसले, खासदारांना ओलीस धरले. वालेन्सियात रणगाडे रस्त्यावर आले. बंडखोर राजाच्याच नावाने बोलत होते. मध्यरात्रीनंतर राजा लष्करी गणवेशात दूरचित्रवाणीवर आला आणि घटनेच्या बाजूने उभा राहिला. बंड कोसळले. गणवेश महत्त्वाचा होता: फौज ज्याला मानते त्या माणसाने फौजेला बराकीत परत जायला सांगितले. पुढे त्याची कीर्ती इतर कारणांनी उतरली आणि 2014 ला त्याने गादी सोडली, तो भाग वेगळा.

आता कोणी म्हणेल, लिख्टेनश्टाइन? तिथे 2003 ला लोकांनी स्वतः मतदान करून राजपुत्राचे अधिकार वाढवले, आणि 2012 ला त्याचा नकाराधिकार काढायचा प्रस्ताव आला तोही मोठ्या बहुमताने फेटाळला. माझ्या सांगण्याला हा अपवाद आहे हे मान्य. पण त्या घटनेत आणखी एक कलम आहे: लोक मतदानाने राजेशाहीच रद्द करू शकतात. चाळीस हजारांहून थोडी कमी-जास्त वस्ती, म्हणजे आपल्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी. एवढ्या माणसांत तसला करार निभतो. मोठ्या देशात मी त्यावर विसंबणार नाही. मलेशियाची तऱ्हा आणखी वेगळी. नऊ राजे-सुलतान आपसांतून पाळीपाळीने पाच वर्षांसाठी एकाला देशाचा राजा करतात. आपल्या संस्थानिकांना हे कोणी सुचवले असते तर गादीच्या मानापानावरून किती बैठका मोडल्या असत्या, याची कल्पना करवत नाही.

तिसरा प्रश्न आपल्या भागाचा, आणि तो मला सगळ्यांत आवडला.

बरेच जण इथे सातारा आणि पुणे पुढे करतात. गादी छत्रपतींची, कारभार पेशव्यांचा. साताऱ्याचे छत्रपती शाहू महाराज 1749 ला गेल्यावर सत्ता पुण्याला गेली, तरी पेशवाईची वस्त्रे साताऱ्याहूनच यायची आणि पेशव्यांच्या शिक्क्यावर छत्रपतींचे नाव आणि ‘नरपति हर्षनिधान’ हेच आधी असायचे. म्हणजे इंग्रजांच्या आधी आपण घटनात्मक राजेशाही चालवली, असा अभिमानाचा सूर निघतो. मला तो पटत नाही. राजा आणि कारभारी वेगळे केले की लोकशाही होत नाही. पेशवेपदही बापाकडून मुलाकडेच जात होते. कारभाऱ्याला विचारणारे कोणी असेल, तरच गादी आणि कारभार वेगळे करण्याला अर्थ. साताऱ्यात राजा बाजूला बसवला गेला. पण रयत पुढे आली नाही.

कोल्हापूरच्या राजर्षी शाहू महाराजांचेही नाव येईल. 1902 ला मागास समाजांसाठी निम्म्या जागा राखीव, 1917 ला सक्तीचे मोफत प्राथमिक शिक्षण: त्या वेळच्या कोणत्या निवडून आलेल्या सभेने एवढे केले असते असे वाटत नाही. पण ते चांगल्या राजाचे राज्य होते, लोकांचे नव्हे. या दोन गोष्टी परीक्षेत एकत्र लिहू नका. रायबागच्या शेतकऱ्याला तो हुकूम लाभला, पण हुकूम बदलण्याचा हक्क त्याच्याकडे नव्हता.

खरा प्रयोग झाला तो औंधात. औंध म्हणजे बहात्तर गावांचे, तुकड्या-तुकड्यांचे संस्थान. मुख्य भाग साताऱ्याकडे, आणि गुणदाळ थेट विजापूर जिल्ह्यात. राजे भवानराव पंतप्रतिनिधी, ज्यांनी सूर्यनमस्कार घरोघरी नेले, चित्रे काढली. बेळगावात सायकलींचे दुकान चालवणाऱ्या लक्ष्मणराव किर्लोस्करांना 1910 ला कुंडलच्या माळावर कारखान्याला जागा दिली तीही त्यांनीच. 1938 च्या अखेरीस त्यांनी आपली सत्ता प्रजेला देण्याची घोषणा केली आणि 1939 च्या जानेवारीत औंधची स्वराज्य घटना आली. मुलगा अप्पासाहेब पंत, पोलंडहून आलेले मॉरिस फ्रिडमन आणि खुद्द गांधीजी या मसुद्यात होते. घटनेची रचना खालून वर जाणारी: गावाने पाच पंच निवडायचे, गावांच्या पंचायतींतून तालुका, तालुक्यांतून विधिमंडळ. त्यातली मतदाराला लिहिता-वाचता आले पाहिजे ही अट मला खटकते. त्या काळी तिने निम्म्याहून किती माणसे बाहेर राहिली असतील, विचार करा. पण आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला भिंतीविना कैद्यांची वसाहत चालवण्याचे धाडस याच राज्याने केले, आणि बेचाळीसनंतर भूमिगतांना आसराही याच मुलखात मिळाला.

औंध टिकले असते का? माझे मत, एकट्याने नाही. वरती इंग्रजांचे सार्वभौमत्व होते. राजाने दिलेले स्वराज्य रेसिडेंटच्या, म्हणजे संस्थानांवर नजर ठेवणाऱ्या इंग्रज अधिकाऱ्याच्या, डोळ्यांसमोर चालले होते. देशात स्वातंत्र्य आल्यावर बहात्तर गावांचे वेगळे राज्य चालवण्याला कारणही उरले नाही, आणि 1948 ला ते मोठ्या राज्यात गेले. म्हैसूरचे मात्र तसे नव्हते. तिथे 1881 ला दिवाण रंगाचार्लूंनी प्रतिनिधी सभा सुरू केली, 1907 ला विधान परिषद आली. सभा सूचना करायची, तक्रारी मांडायची. शेवटचा शब्द महाराजांचा आणि दिवाणाचा. साठ-पासष्ट वर्षे ही सभा बोलत राहिली. जबाबदार सरकार मात्र 1947 च्या ऑक्टोबरमध्ये आले, ‘म्हैसूर चलो’च्या सत्याग्रहानंतर. नुसती सभा बसवून राजाची सत्ता आपोआप पाझरत खाली येत नाही, एवढे त्यातून दिसते.

त्यानंतर जे घडले ते बेळगावकरांनी विशेष लक्षात ठेवावे. 1950 च्या घटनेने मोठ्या संस्थानांत महाराजांनाच राजप्रमुख केले. म्हैसूरला जयचामराज वडियार राजप्रमुख. म्हणजे काल राजा, आज मुख्यमंत्र्यांच्या सल्ल्याने चालणारा घटनात्मक प्रमुख. भारतात सहा-सात वर्षे काही राज्यांपुरते राजा आणि लोकशाही एकाच कारभारात खरोखर नांदले. 1 नोव्हेंबर 1956 ला राज्यपुनर्रचना झाली, राजप्रमुखपद गेले आणि बेळगाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेले. त्या दिवशी आपले राज्यपाल झाले कोण? तेच वडियार. पण आता ते गादीमुळे नव्हेत, राष्ट्रपतींनी नेमले म्हणून. 1964 पर्यंत ते त्या पदावर होते आणि मग त्यांना मद्रासला पाठवले, जिथे त्यांच्या घराण्याचे राज्य नव्हतेच. राजाची बदली होते हे तेव्हा कागदावर आले. संस्थानिकांना सरकारकडून मिळणारे तनखे 1971 च्या सव्विसाव्या घटनादुरुस्तीने संपले. 2024 ला म्हैसूरच्या वडियार घराण्यातले आणि कोल्हापूरच्या छत्रपती घराण्यातले उमेदवार लोकसभेत गेले, पण ते तुमच्या-माझ्यासारखे मत मागून, घरोघर हात जोडून.

आणि एक गोष्ट तुमच्या पुस्तकात बहुधा स्वतंत्र प्रकरणात असेल, पण ती याच प्रश्नाची आहे. आपल्या राष्ट्रपतींची खुर्ची ब्रिटनच्या राजाच्या मापावरच बेतलेली आहे. राज्यपाल अभिभाषणात ‘माझे सरकार’ म्हणतात, भाषण मात्र मंत्रिमंडळाने लिहिलेले. लंडनमध्ये राजा अगदी तेच करतो. राष्ट्रपतींनी मंत्रिमंडळाचा सल्ला मानलाच पाहिजे, हे आपण 1976 च्या बेचाळिसाव्या दुरुस्तीने स्पष्ट लिहिले, आणि 1978 च्या चव्वेचाळिसाव्याने एकदा फेरविचाराला परत पाठवायची मुभा दिली. राज्यपालांचे तेवढे निस्तरलेले नाही. कर्नाटकात एस. आर. बोम्मई यांचे सरकार 1989 मध्ये बहुमत सभागृहात न तपासता गेले आणि सर्वोच्च न्यायालयाला 1994 मध्ये सांगावे लागले की बहुमत राजभवनात नव्हे, सभागृहातच मोजायचे. राजा नसलेल्या देशातही राजाच्या खुर्चीची भांडणे असतात.

शेवटचा प्रश्न: राजाला काढता येते का? भूतानने ते घटनेतच लिहिले. चौथे राजे जिग्मे सिंग्ये वांगचुक यांनी 2006 ला स्वतः गादी सोडली, 2008 ला पहिली निवडणूक आणि मग घटना. राजाने पासष्टाव्या वर्षी निवृत्त व्हायचे. घटनेविरुद्ध वागला तर संसदेचा ठराव आणि मग सार्वमत घेऊन त्याला हटवता येते. जपानमध्ये उलट अडचण झाली. सम्राट अकिहितो यांना म्हातारपणी पद सोडायचे होते, पण कायद्यात पद सोडण्याची सोयच नव्हती. 2017 ला संसदेने त्यांच्यापुरता खास कायदा केला, तेव्हा 2019 च्या एप्रिलअखेर त्यांना मोकळे होता आले. ऑस्ट्रेलियाने 1999 ला सार्वमत घेतले आणि इंग्लंडच्या राणीलाच कायम ठेवले. बार्बाडोसने 2021 च्या नोव्हेंबरमध्ये तिला निरोप दिला. राणीच्या वतीने तिथे गव्हर्नर जनरल असलेल्या सँड्रा मेसन त्याच देशाच्या पहिल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या, आणि पंतप्रधान मिया मोटली आपल्या पदावर होत्या तशाच राहिल्या.